विंगेतला माणूस

आमच्या घरी एक हिरवी लोखंडी पेटी आहे. बाबा बँकेत कारकून होते आणि बँकेला त्यांना एका जागी बसू देणं कधी जमलं नाही. पेटीच्या झाकणावर पांढऱ्या ऑइलपेंटने बाबांचं नाव आणि त्याखाली गावाचं. बदली झाली की बाबा जुन्या गावावर हिरवा हात मारत आणि वाळला की नवं गाव लिहीत. दर गावी मिळणारा हिरवा रंग थोडा वेगळा असे, त्यामुळे झाकणाच्या त्या पट्ट्यावर आता जमिनीसारखे थर झालेत. नखाने खरवडलं तर परळीखाली उमरगा लागतं, उमरग्याखाली मंगळवेढा. बाबांच्या एकूण नऊ बदल्या झाल्या. बढती एकदाच, आणि तीही अशा गावी की आई अजून त्या बढतीला शिक्षाच म्हणते.

ही पेटी मला एका इंग्रज फुटबॉलपटूमुळे आठवली.

झालं असं, की माझा पुतण्या कॉलेजात असताना कॉम्प्युटरवर 'फुटबॉल मॅनेजर' नावाचा खेळ खेळायचा. त्यात चेंडूला पाय लावायचा नसतो. मॅनेजर होऊन खेळाडू विकत घ्यायचे, विकायचे, संघ निवडायचा आणि हरल्यावर इतरांना दोष द्यायचा. थोडक्यात, कचेरीच. शहाणी मुलं बार्सिलोना घेतात. आमच्या पुतण्याने मोरकम नावाचा इंग्लंडातला एक किडुकमिडुक क्लब घेतला होता. एके रात्री तो कपाळाला हात लावून म्हणाला, "काका, हा एलिसन विकलाच जात नाही. फुकट देतो म्हटलं तरी कोणी घेत नाही. आणि बसवून ठेवला की रुसतो."

मी पडद्यावर डोकावलो. केव्हिन एलिसन. वय ३५. जागा : डावा विंगर. त्याखाली त्याने आजवर खेळलेल्या क्लबांची यादी होती, आणि ती वाचताना मला ऑइलपेंटचा वास आला.

यादी अशी : ऑल्ट्रिंकम, लेस्टर, स्टॉकपोर्ट, लिंकन, चेस्टर, हल, ट्रॅनमिअर, पुन्हा चेस्टर, रॉदरम, ब्रॅडफर्ड, मोरकम. पुढे तिला न्यूपोर्टही जोडलं गेलं. म्हणजे अकरा क्लब आणि बारा नेमणुका. बाबांच्या वरचढ.

मराठीत या धंद्यासाठी एक फार सोयीचा शब्द आहे, बदली. खेळाडू एका क्लबातून दुसऱ्या क्लबात गेला की बदली. आणि सामना चालू असताना दमलेल्याच्या जागी ताजा माणूस उतरवला, तर तोही बदली खेळाडू. इंग्रजांना यासाठी दोन शब्द लागतात. आपण एकात भागवतो, कारण मूळ भावना एकच : तुमच्या जागी दुसरा कोणीतरी चालेल. इंग्लंडच्या लीगमध्ये बदली खेळाडूला परवानगीच मुळी १९६५ साली मिळाली, आणि तीसुद्धा कोणी जायबंदी झालं तरच. पहिला मान चार्ल्टनच्या कीथ पीकॉकचा. बोल्टनच्या मैदानावर चार्ल्टनचा गोलकीपर अकराव्या मिनिटाला जखमी झाला आणि हा आत गेला. म्हणजे इंग्रजी लीगचा पहिला बदली माणूस मोर होता. (ही माहिती कुठेच उपयोगी पडत नाही, म्हणून इथे दिली.)

आता विंगर म्हणजे काय, ते सांगायला हवं. इंग्रजांच्या डोक्यात विंग म्हटलं की पक्ष्याचा पंख येतो. आपल्या डोक्यात विंग म्हटलं की नाटक येतं. पडद्याच्या बाजूची ती अंधारी जागा, जिथे प्रॉम्प्टर वही घेऊन उभा असतो आणि पुढच्या प्रवेशात दूताचं काम करणारा नट मिशी चिकटवत असतो. मला आपलाच अर्थ विंगरला जास्त जवळचा वाटतो. मैदानाच्या अगदी कडेला, चुन्याच्या रेषेला चिकटून तो उभा असतो. खेळ मध्ये चाललेला असतो. त्याच्याकडे चेंडू आला की त्याने समोरच्या बचावपटूला चकवायचं, कोपऱ्यापर्यंत पळायचं आणि गोलसमोर चेंडू टाकायचा. तिथे उभा असलेला सेंटर फॉरवर्ड त्यावर डोकं टेकवतो आणि नायक होतो. क्रॉस चुकला तर मात्र अख्खं स्टँड एका सुरात 'अरेरे' म्हणतं, आणि ते एकट्या विंगरसाठी असतं.

आणि ते त्याला ऐकू येतं. मोठ्या मैदानांवर साठ-सत्तर हजारांचा कल्लोळ होतो, त्यात एकेक माणूस विरघळून जातो. चौथ्या पायरीवरच्या फुटबॉलमध्ये काही हजारच माणसं असतात. तिथे शिवीसुद्धा सुटी ऐकू येते, देणाऱ्याच्या आवाजासकट. कडेने पळणाऱ्या माणसाला पहिल्या रांगेतल्या आजोबांचा खोकलाही कळतो. एलिसनचं डोकं गुळगुळीत होतं, स्वभाव तापट होता. परगावच्या प्रेक्षकांना याहून जास्त काय हवं असतं? वर्षानुवर्षं, गावोगावी, लोक त्याला रेषेपलीकडून डिवचत आणि तो गोल मारून त्यांच्यासमोर जाऊन छाती काढून उभा राही. दशावतारात संकासुराला जसं पोरं चिडवतात आणि संकासुर पोरांना, तसा तो व्यवहार होता. संकासुर आला नाही तर पोरांचाच विरस.

चौथी पायरी म्हणालो, पण इंग्लंडात तिला चौथी म्हणत नाहीत. १९९२ साली वरच्या क्लबांनी वेगळं होऊन प्रीमियर लीग काढली, तेव्हा दुसरी पायरी आपोआप 'पहिला विभाग' झाली. २००४ साली तेवढ्यानेही समाधान होईना, म्हणून दुसरीला 'चॅम्पियनशिप', तिसरीला 'लीग वन' आणि चौथीला 'लीग टू' अशी नावं मिळाली. आपल्या रेल्वेने १९७४ साली तिसरा वर्ग बंद केला तेव्हाही असंच झालं होतं. डबा तोच, बाकडं तेच, पाटी तेवढी दुसऱ्या वर्गाची. बाबा सांगतात, त्या दिवशी प्रवास करताना उगाच ताठ बसल्यासारखं वाटलं.

एलिसन मूळचा लिव्हरपूलचा, जन्म १९७९ चा. बाविसाव्या वर्षापर्यंत तो लीगच्याही खाली, ऑल्ट्रिंकमला होता. आणि २००१ च्या सुरुवातीला अचानक त्याला थेट प्रीमियर लीगमधल्या लेस्टरने उचललं. लेस्टरचे मॅनेजर होते पीटर टेलर. हे गृहस्थ स्वतः विंगर. १९७६ साली तिसऱ्या विभागात क्रिस्टल पॅलेसकडून खेळत असताना त्यांची इंग्लंडच्या संघात निवड झाली, वेल्सविरुद्ध ते बदली म्हणून उतरले आणि गोलही मारला. खालच्या वर्गातल्या विंगरकडे पाहण्याची त्यांची नजर वेगळी असणं स्वाभाविक होतं. विंगेतल्या माणसाला विंगेतलाच ओळखतो.

लेस्टरकडून एलिसनच्या वाट्याला लीगचा एकच सामना आला, आणि तो मँचेस्टर युनायटेडविरुद्ध. त्यानंतर प्रीमियर लीगशी त्याचा संबंध संपला. पुढे वीसेक वर्षं तो व्यावसायिक फुटबॉल खेळला, पण त्या दिशेला पुन्हा जाणं झालं नाही. एखाद्याने मुंबईच्या हेड ऑफिसात एक दिवस काम केलेलं असावं, तेही नेमके गव्हर्नर भेटीला आले त्या दिवशी, आणि मग उरलेली नोकरी तालुक्याच्या शाखांमध्ये. असा माणूस तो दिवस रोज सांगतो, किंवा कधीच सांगत नाही.

मग स्टॉकपोर्ट. तो तिथे गेला त्याच हंगामात क्लब तळाला जाऊन खालच्या वर्गात उतरला. मग लिंकनला काही दिवस उसना. मग चेस्टर, आणि या मैदानाबद्दल दोन शब्द बोलल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. इंग्लंड आणि वेल्स यांची सीमा या स्टेडियममधूनच जाते. क्लबचं ऑफिस इंग्लंडात आणि खेळायचं मैदान वेल्समध्ये. पगाराचा चेक एका देशात सही व्हायचा आणि घाम दुसऱ्या देशात गळायचा. सीमाभागाची गुंतागुंत मराठी माणसाला वेगळी समजावून सांगायला नको, पण आपल्याकडे निदान कॉर्नर किकवरून तरी अजून कोणी कोर्टात गेलेलं नाही.

२००५ च्या जानेवारीत त्याला हल सिटीने बोलावलं. बोलावणारे कोण? तेच टेलरसाहेब. तेही बदलून हलला आले होते. साहेब नव्या शाखेत गेले की जुन्या शाखेतला आपला माणूस मागवून घेतात, ही पद्धत बँकेतच शोधली गेली अशी बाबांची समजूत होती. ती दुरुस्त करावी लागली. त्या हंगामात हल वरच्या वर्गात गेलं. एलिसनच्या कारकिर्दीतला हा चांगला काळ. तो अर्थातच टिकला नाही. पुढे ट्रॅनमिअर, मग पुन्हा चेस्टर, जे २००९ साली लीगबाहेर फेकलं गेलं आणि २०१० मध्ये दिवाळखोरीत बंदच पडलं. मग रॉदरम. या क्लबला तेव्हा स्वतःचं मैदान नव्हतं, म्हणून ते शेजारच्या शेफील्डमधल्या ॲथलेटिक्सच्या स्टेडियममध्ये खेळायचे. मैदानाभोवती धावण्याचा रुंद ट्रॅक. प्रेक्षक पार लांब. ज्या विंगरचं निम्मं आयुष्य पहिल्या रांगेशी भांडण्यात गेलं, त्याला तिथे काय वाटलं असेल याची मी पुष्कळदा कल्पना करतो. पेठेतून उचलून एखाद्याला बंगल्यांच्या सोसायटीत राहायला नेल्यासारखं.

आणि २०११ साली, बत्तिसाव्या वर्षी, मोरकम.

विंगरचं बत्तिसावं वर्ष म्हणजे घोड्याचं विसावं. पळणं हेच ज्याचं भांडवल, त्याचे पाय आधी जातात. स्टॅनली मॅथ्यूज पन्नाशी ओलांडून पाच दिवसांनी, १९६५ च्या फेब्रुवारीत, स्टोककडून वरच्या विभागात खेळला, हे खरं. पण तसं म्हणाल तर शंभरी गाठलेले आजोबाही गडावर चढतात. म्हणून काही आपण ती सर्वसाधारण अपेक्षा ठेवत नाही. सामान्य विंगर तिशी ओलांडली की मध्यभागी सरकतो, मग मागे, मग बाकावर, आणि एका मे महिन्यात क्लबने ठेवून घेतलेल्यांच्या यादीत त्याचं नाव नसतं. खालच्या लीगमध्ये करार बहुधा एक-दोन वर्षांचे. म्हणजे दर उन्हाळ्यात घरात तोच प्रश्न, मुलांच्या शाळेचं काय करायचं. आमच्याकडे मेअखेर पोस्टमन दिसला की आई भाजी चिरायची थांबत असे.

मोरकम हे इंग्लंडच्या वायव्येला समुद्रकाठचं गाव आहे. लांबच लांब वाळू आणि क्षणात पालटणारी भरती. गावाचा सर्वांत प्रसिद्ध माणूस म्हणजे विनोदी नट एरिक मोरकम. त्याचं खरं आडनाव बार्थोलोम्यू. रंगभूमीसाठी त्याने गावाचंच नाव लावलं. आपल्याकडे असता तर मोरकमकर झाला असता आणि कोणाला त्याचं नवल वाटलं नसतं. समुद्राकडे पाठ करून एक पाय उचललेला, गळ्यात दुर्बीण असलेला त्याचा पुतळा तिथे आहे; १९९९ साली खुद्द राणीने त्याचं अनावरण केलं. आणि फुटबॉल क्लबचं टोपणनाव आहे 'श्रिम्प्स'. खाडीत मिळणारी ती तपकिरी, बारीक कोळंबी. आपल्याकडची करंदीच म्हणा. दुसरे क्लब स्वतःला सिंह म्हणवतात, लांडगे म्हणवतात, तोपची म्हणवतात. हे करंदी म्हणवून घेतात. लोणी आणि जायपत्रीत मुरवून तिकडे ती पावावर खातात. बाबांची शेवटची नेमणूक हर्णैला होती, तेव्हा आमच्याकडे ती कांद्यावर परतलेली असे. क्लबविषयी मला जिव्हाळा वाटायला एवढं पुरे झालं.

या करंदीच्या क्लबात एलिसन नऊ वर्षं राहिला. इतकी वर्षं तो कुठेच राहिला नव्हता. तिथला मॅनेजर जिम बेंटली आधी त्याच क्लबचा कप्तान होता आणि तोही कुठे जायचं नाव घेत नसे. दर वर्षी जाणकार लोक भाकीत करत की यंदा मोरकम लीगबाहेर जाणार, आणि दर वर्षी ते कसंबसं राहायचं. २०१८ सालचा शेवटचा सामना मला विशेष आवडतो. प्रतिस्पर्धी कव्हेंट्री. मोरकमला तग धरायला एक गुण हवा होता आणि कव्हेंट्रीला बढतीच्या प्लेऑफची जागा पक्की करायलाही एकच गुण हवा होता. सामना ०–० सुटला. अखेरच्या मिनिटांत दोन्ही संघ चेंडूला असे जपत होते, जणू तो शेजाऱ्याचा काचेचा बाउल आहे आणि परत द्यायचाय. मोरकम आणि बार्नेट यांचे गुण सारखेच झाले. गोलांच्या फरकावर बार्नेट खाली गेलं. क्रीडाभावनेच्या दृष्टीने यात काही घेण्यासारखं नाही, पण मध्यमवर्गीय संसार असेच चालतात.

२०१९ च्या अखेरीला बेंटली गेला आणि डेरेक ॲडम्स हे नवे साहेब आले. नव्या साहेबांचं आणि चाळिशीतल्या विंगरचं जमलं नाही. त्यातच करोना आला, लीग टूचा तो हंगाम मार्चमध्ये थांबला तो थांबलाच. उन्हाळ्यात एलिसन मोकळा झाला. नऊ वर्षांनंतर निरोपाचा सामना नाही, रेषेवरून शेवटचं हात हलवणं नाही. आपल्याला नैराश्याने गाठलं होतं हे त्या वर्षी तो उघडपणे बोलला. ज्याला हजारो लोकांनी रोज हिणवलं आणि ज्याने ते हसत परतवलं, तो माणूस घरी मुकाट बसला होता. संकासुराचा मुखवटा काढल्यावर आत कोण असतं हे पोरांना कळत नाही, आणि मलाही तोवर सुचलं नव्हतं.

एक्केचाळिसाव्या वर्षी त्याला न्यूपोर्ट काउंटीने घेतलं. हा वेल्समधला क्लब, पण खेळतो इंग्रजी लीगमध्ये. १९८९ साली हाही एकदा बंद पडून पुन्हा उभा राहिलेला. आणि त्याच हंगामात न्यूपोर्ट आणि मोरकम समोरासमोर आले, एलिसनने गोल मारला, आणि मारल्यावर सहकाऱ्यांकडे न जाता तो तडक ॲडम्ससाहेबांच्या पुढ्यात गेला आणि त्यांच्या तोंडासमोर उभं राहून त्याने आपला आनंद साजरा केला. करोनामुळे स्टँड त्या हंगामात बहुतेक ओस असत. प्रेक्षक नसले तरी एक पुरे होता.

ही हकिगत मी बाबांना सांगितली. बाबांना फुटबॉलमधलं काही कळत नाही. ऑफसाइड म्हणजे बाजूला पार्क केलेली गाडी असं त्यांना वाटतं. ते पेपर वाचत होते. त्यांनी पेपर खाली ठेवला.

"तोंडासमोर?"

"अगदी एवढ्या अंतरावरून."

"त्याच साहेबाच्या?"

"त्याच."

बाबांनी चष्मा काढून पुसला. "परत सांग," म्हणाले.

मी परत सांगितली. त्या आठवड्यात एकूण चार वेळा. नऊ बदल्यांपैकी नेमक्या कुठल्या साहेबांचा चेहरा त्यांना दिसत होता, हे मी विचारलं नाही.

पुढचं सांगायला मी थोडा कचरत होतो. न्यूपोर्ट प्लेऑफच्या अंतिम सामन्यापर्यंत गेलं. ३१ मे २०२१, वेम्बली, आणि समोर मोरकम. बेचाळीस वर्षांचा एलिसन, ज्या गावात नऊ वर्षं काढली त्या गावाविरुद्ध उभा. नव्वद मिनिटांत गोल नाही. जादा वेळेत, १०७ व्या मिनिटाला, मोरकमला पेनल्टी मिळाली, गोल झाला आणि करंदी इतिहासात पहिल्यांदाच तिसऱ्या पायरीवर गेली. नऊ वर्षं ज्याने तो डबा ढकलला, तो डबा हलला तेव्हा हा फलाटावर होता, आणि वर चुकीच्या रंगाच्या शर्टात.

"म्हणजे साहेबच जिंकला," बाबा म्हणाले.

"साहेबच जिंकला."

"मग?"

"मग आठवडाभरात साहेब मोरकम सोडून ब्रॅडफर्डला गेले."

"बदली?"

"स्वतःहून. चांगली ऑफर आली."

"हं," बाबा म्हणाले. त्या एका 'हं'मध्ये बँकांच्या राष्ट्रीयीकरणापासूनचा इतिहास होता.

एलिसनने थोड्याच काळाने मोठ्या फुटबॉलमधून अंग काढलं. मोरकमला तिसरी पायरी दोन वर्षं लाभली. साहेब मात्र तिथे परत आले, पुन्हा गेले, पुन्हा परत आले. पेटी असती तर त्यांनी एकच नाव तीन वेळा रंगवलं असतं. २०२५ मध्ये क्लब अठरा वर्षांनी लीगच्याच बाहेर गेला. मालकाकडे पैसे नव्हते, पगार रखडले, खालच्या लीगनेही निलंबित केलं. क्लब आता मिटतो की काय अशी वेळ आली. आणि ऑगस्टमध्ये 'पंजाब वॉरियर्स' नावाच्या गुंतवणूकदारांनी तो विकत घेतला. दोनच दिवसांत त्यांनी मॅनेजर म्हणून अश्वीर सिंग जोहलला नेमलं. तीस वर्षांचा, पगडीधारी शीख, लेस्टरच्या अकादमीत मुलांना शिकवून आलेला.

पहिला सामना घरच्या मैदानावर होता, २३ ऑगस्टला. समोर कोण होतं, तर ऑल्ट्रिंकम. एलिसनच्या यादीतलं सर्वांत वरचं नाव, पेटीवरचा सगळ्यात खालचा थर. आपल्याकडे रात्र झाली होती. पुतण्याने बंगळूरहून फोन करून निकाल सांगितला, मोरकम २, ऑल्ट्रिंकम १. त्याच्या आवाजावरून वाटलं, कॉलेजच्या दिवसांतला तो मॅनेजर अजून राजीनामा देऊन बसलेला नाही.

बाबा आता चौऱ्याऐंशीचे आहेत. जागे होते. मी खोलीत जाऊन म्हटलं, "बाबा, ते करंदीवाले वाचले. जिंकले आज."

"आणि तो साहेब?"

"काढला त्याला. नव्या मालकांनी आल्या आल्याच."

बाबा उठून बसले. घड्याळात पावणेअकरा झाले होते.

"मग चहा टाक," ते म्हणाले. "आणि मला जरा त्या पेटीजवळ खुर्ची दे."